दहा हजार प्रतींचं मासिक

२०१५ च्या जानेवारीत जपानमध्ये एका मासिकाचा अंक दुसऱ्यांदा छापावा लागला आणि त्याची बातमी झाली. मासिकाचं नाव 'बुंगाकुकाई', म्हणजे साहित्यविश्व. ते १९३३ साली निघालं आणि तेव्हापासून ऐंशीहून अधिक वर्षांत त्याचा एकही अंक पुन्हा छापायची वेळ आली नव्हती. दहा हजारांच्या आसपास प्रती काढायच्या, त्यातल्या खपतील तेवढ्या खपायच्या, असा शिरस्ता. या वेळी मात्र दुकानांकडून मागणी थांबेना आणि शेवटी चाळीस हजार प्रती निघाल्या. त्या अंकात मातायोशी नाओकी या टीव्हीवरच्या लोकप्रिय विनोदी कलाकाराची पहिली मोठी कथा आली होती. तिचं नाव 'हिबाना', म्हणजे ठिणगी. त्याच वर्षी जुलैमध्ये तिला आकुतागावा पारितोषिक मिळालं आणि पुस्तकाच्या वीस लाखांहून अधिक प्रती गेल्या.

बातमी वाचणाऱ्याचं लक्ष साहजिकच वीस लाखांकडे जातं. मला मात्र दहा हजारांचा आकडा जास्त महत्त्वाचा वाटतो. साडेबारा कोटींच्या देशात, जिथे वर्तमानपत्रं लाखांनी खपतात, तिथे दहा हजार म्हणजे काहीच नाही. तरीही गेल्या शंभर वर्षांतलं जपानी साहित्य पाहिलं, तर जगभर वाचले जाणारे बहुतेक लेखक अशाच चिमुकल्या खपाच्या मासिकांच्या दारातून आत आलेले दिसतात. हे कसं जमतं, ते जरा सावकाश पाहू.

अशा मासिकाला जपानीत 'बुंगेइशी' म्हणतात. 'बुंगेइ' म्हणजे साहित्यकला आणि 'शी' म्हणजे नियतकालिक. आज त्यांतली पाच प्रमुख मानली जातात: 'शिंचो' (१९०४), 'बुंगाकुकाई' (१९३३), 'बुंगेइ' (१९३३), 'गुन्झो' (१९४६) आणि 'सुबारू' (१९७०). 'बुंगेइ' त्रैमासिक आहे, बाकीची मासिकं. प्रत्येकाच्या पाठीशी एकेक मोठी प्रकाशनसंस्था उभी आहे. एकेक अंक आपल्या भरगच्च दिवाळी अंकाएवढा, आणि तो वर्षातून एकदा येत नाही, दर महिन्याला येतो. आत दोन-तीन दीर्घकथा पूर्णच्या पूर्ण, एखाद-दोन क्रमशः कादंबऱ्या, ललित लेख, समीक्षा, दोन लेखकांच्या लांबलचक गप्पा, आणि त्या महिन्यात इतर मासिकांत आलेल्या कथांचा समाचार.

इथे एक शब्द समजून घ्यावा लागतो: 'जुनबुंगाकु', म्हणजे शुद्ध साहित्य. जपानी प्रकाशनव्यवहारात गंभीर साहित्य आणि लोकरंजनाचं साहित्य यांच्यामध्ये स्पष्ट रेघ आहे. रहस्यकथा, ऐतिहासिक कादंबऱ्या, कौटुंबिक कथा यांची मासिकं वेगळी, पारितोषिकं वेगळी. ती रेघ कुठे ओढायची यावर शंभर वर्षं वाद चालू आहेत आणि अनेक लेखक ती सहज ओलांडून इकडून तिकडे जातात. तरी रेघ टिकून आहे, कारण मासिकंच तशी वाटलेली आहेत. बुंगेइशी ही शुद्ध साहित्याची जागा.

दुसरी गोष्ट याहून महत्त्वाची. आपल्याकडे आज कादंबरी बहुधा थेट पुस्तकरूपात येते. जपानमध्ये गंभीर कथा-कादंबरी आधी मासिकात येते, त्यावर चर्चा होते, आणि मग तिचं पुस्तक होतं. लेखनाची लांबीसुद्धा मासिकाच्या मापाने मोजली जाते. चारशे चौकोनांचा एक कागद असतो, एका चौकोनात एक अक्षर. 'किती शब्द?' असं कुणी विचारत नाही, 'किती कागद?' असं विचारतात. आज सगळे संगणकावर लिहितात, तरी माप तेच राहिलं. शंभर ते अडीचशे कागदांची, एका अंकात मावणारी, एका बैठकीत वाचून होणारी कथा हा आधुनिक जपानी साहित्याचा लाडका आकार. तो कुणी ठरवून आणला नाही. मासिकाच्या पानांनी तो घडवला.

याचं सगळ्यात सुंदर उदाहरण म्हणजे कावाबाता यासुनारी यांची 'युकिगुनी', म्हणजे हिमभूमी. आज ती एकसंध, घोटीव कादंबरी वाटते. पण कावाबातांनी ती कादंबरी म्हणून लिहायला घेतली नव्हती. १९३५ च्या जानेवारीत तिचा एक तुकडा एका मासिकात आला. मजकूर त्यात संपेना, म्हणून पुढचा तुकडा त्याच महिन्यात दुसऱ्या मासिकाला दिला. मग वेगवेगळ्या मासिकांत, वेगवेगळ्या नावांनी तुकडे येत राहिले. १९३७ मध्ये पुस्तक झालं, त्यानंतरही ते लिहीत राहिले आणि कादंबरीला आजचं रूप यायला १९४८ उजाडलं. ही कादंबरी वाचताना दोन प्रसंगांच्या मध्ये जी मोकळी, न बोललेली जागा जाणवते, तिच्यात मला दोन अंकांमधलं अंतर दिसतं. कावाबातांना १९६८ साली नोबेल मिळालं.

'युकिगुनी'चा तो पहिला तुकडा ज्या अंकात आला, त्याच अंकात एक घोषणा होती. मासिक होतं 'बुंगेइ शुंजू'. 'बुंगाकुकाई' आज ज्या घराण्यातून निघतं, त्याचं हे थोरलं भावंड. तिथूनच खरी गोष्ट सुरू होते.

'शुंजू' म्हणजे वसंत आणि शरद, म्हणजेच वर्षांचं चक्र, काळ. 'बुंगेइ शुंजू' १९२३ च्या जानेवारीत किकुची कान यांनी काढलं. तेव्हा ते चौतिशीत होते. वर्तमानपत्रात क्रमशः येणाऱ्या कादंबऱ्यांमुळे त्यांच्याकडे नाव होतं आणि पैसाही. पहिल्या अंकात त्यांनी आपला हेतू मोकळेपणाने सांगितला: कुणी मागितलं म्हणून लिहायचा कंटाळा आला आहे, वाचकांची किंवा संपादकांची भीड न ठेवता मनात येईल ते लिहून पाहायचं आहे, आणि ओळखीतल्या तरुणांनाही बोलायची खुमखुमी आहे, त्यांच्यासाठीही ही जागा. अंक २८ पानांचा, प्रती ३०००, किंमत १० सेन. भारदस्त मासिकं तेव्हा येनाच्या भाषेत बोलत होती आणि शंभर सेनचा एक येन होतो, हे लक्षात घेतलं म्हणजे दहा सेनचा अर्थ कळतो. विद्यार्थ्याच्या खिशाला परवडेल असं साहित्य. सगळ्या प्रती संपल्या. दहा वर्षं व्हायच्या आत खप लाखावर गेला.

पहिल्याच पानापासून त्यात आकुतागावा र्‍यूनोसुके यांची छोटी-छोटी, धारदार वचनं येऊ लागली. 'राशोमोन' हा चित्रपट आपल्यातल्या अनेकांनी पाहिला आहे. ज्या कथांवर तो बेतला त्या आकुतागावांच्या. किकुची आणि आकुतागावा विद्यार्थिदशेपासूनचे सोबती. विद्यार्थी असताना त्यांनी मित्रांबरोबर एक अनियतकालिक चालवलं होतं. जपानीत अशा प्रकाशनाला 'दोजिनशी' म्हणतात: चारपाच समविचारी लोकांनी वर्गणी काढून, स्वतःच लिहून, स्वतःच वाटलेला अंक. १९१६ साली त्या अंकात आलेली आकुतागावांची 'नाक' ही कथा नात्सुमे सोसेकी यांच्यासारख्या ज्येष्ठ लेखकाने वाचली आणि पत्र लिहून कौतुक केलं. एका पत्राने त्या तरुणाचं आयुष्य बदललं. सोसेकींचं स्वतःचं पहिलं मोठं लेखनही मासिकातच आलेलं. मांजराच्या तोंडून माणसांची गोष्ट सांगणारी ती कादंबरी १९०५ पासून 'होतोतोगिसु' या हायकूंच्या मासिकात छापली गेली. म्हणजे एक मासिक एका लेखकाला आणतं, तो लेखक दुसऱ्या मासिकातल्या पोराला ओळखतो, ते पोर पुढे तिसऱ्या मासिकाचा आधार होतं. ही साखळी समजली की अर्धं जपानी साहित्य समजतं.

१९२७ साली किकुचींनी आणखी एक गोष्ट रूढ केली. पाहुणे बोलवायचे, त्यांना खाऊ-पिऊ घालायचं, मोकळेपणाने बोलू द्यायचं आणि ते बोलणं टिपून जसंच्या तसं छापायचं. याला 'झादानकाई' म्हणतात, बैठकीतल्या गप्पा. आज जपानमधल्या जवळजवळ प्रत्येक नियतकालिकात हा प्रकार असतो. त्याच वर्षी जुलैमध्ये आकुतागावांनी आत्महत्या केली. वय ३५. सात वर्षांनी, १९३४ मध्ये, मासिकाचे दुसरे खंदे लेखक नाओकी सान्जूगो वारले. तेही पन्नाशीच्या आतच.

किकुचींनी या दोन मित्रांच्या नावाने दोन पारितोषिकं जाहीर केली. १९३५ च्या जानेवारीतली घोषणा ती हीच. आकुतागावांच्या नावाचं पारितोषिक शुद्ध साहित्यातल्या नवोदिताला, नाओकींच्या नावाचं लोकप्रिय साहित्याला. बक्षीस एक खिशातलं घड्याळ आणि पाचशे येन. रोख रक्कम आज दहा लाख येन झाली आहे, घड्याळ मात्र अजूनही देतात.

किकुची या बाबतीत अतिशय प्रामाणिक माणूस. पारितोषिक अर्धं मासिकाच्या जाहिरातीसाठी आहे, हे त्यांनी स्वतःच मासिकात लिहून टाकलं. मित्राची आठवण, नव्या लेखकाला हात आणि मासिकाचा खप या तीन गोष्टी त्यांच्या मनात एकत्र होत्या आणि त्यांना त्यात विसंगती वाटली नाही. पहिल्या वेळी वर्तमानपत्रांनी फारशी दखल घेतली नाही, याची त्यांनी जाहीर तक्रारही केली.

पहिलं आकुतागावा पारितोषिक मिळालं इशिकावा तात्सुझो यांना, ब्राझीलला स्थलांतर करणाऱ्या गरीब शेतकऱ्यांवरच्या कथेसाठी. ही कथा एका दोजिनशीत आली होती. हरलेल्यांमध्ये दाझाई ओसामू होते. परीक्षक कावाबातांनी दाझाईंच्या खासगी आयुष्यावर एक नापसंतीचं वाक्य लिहिलं. दाझाई इतके दुखावले की त्यांनी कावाबातांना उद्देशून जळजळीत लेख लिहिला, आणि तो याच संस्थेच्या दुसऱ्या मासिकात छापूनही आला. पुढच्या वर्षी पारितोषिकासाठी त्यांनी परीक्षक सातो हारुओ यांना विनवणीचं पत्र पाठवलं, सुमारे चार मीटर लांब कागदावर. पारितोषिक त्यांना कधीच मिळालं नाही. युद्धानंतर १९४७ मध्ये 'शिंचो'त त्यांची 'शायो', म्हणजे मावळता सूर्य, क्रमशः आली आणि तिच्या नावावरून उतरणीला लागलेल्या सरदार घराण्यांसाठी भाषेला नवा शब्दच मिळाला.

या व्यवस्थेची कळ एका नियमात आहे. आकुतागावा पारितोषिकासाठी पुस्तकं विचारात घेत नाहीत, मासिकांत आलेल्या कथा घेतात. डिसेंबर ते मे या काळातल्या कथांचा निकाल जुलैत, जून ते नोव्हेंबरमधल्या कथांचा जानेवारीत. त्यामुळे देशातलं सगळ्यात चर्चेतलं पारितोषिक मिळवायचं असेल तर आधी बुंगेइशीच्या दारातून जावं लागतं. निकालाच्या संध्याकाळी परीक्षक तोक्योच्या त्सुकिजी भागातल्या 'शिन्किराकु' या जुन्या भोजनगृहात जमतात. परीक्षक सगळे लेखकच. प्रत्येक जण गोल, त्रिकोण किंवा फुली अशी खूण करतो. गोलाला एक, त्रिकोणाला अर्धा, फुलीला शून्य. मग चर्चा, वादावादी, पुन्हा खुणा. उमेदवार कुठेतरी मित्रांबरोबर किंवा संपादकाबरोबर फोनची वाट पाहत बसलेले असतात. या वाट पाहण्यालाही वेगळा शब्द आहे: 'माचिकाई'.

निकाल लागला की विजयी कथा 'बुंगेइ शुंजू'च्या पुढच्या अंकात संपूर्ण छापली जाते. हे अंक फेब्रुवारी आणि ऑगस्टमध्ये दुकानात येतात. जपानी व्यापारात हे दोन महिने मंदीचे मानले जातात. २००४ साली १९ वर्षांच्या वाताया रिसा आणि २० वर्षांच्या कानेहारा हितोमी यांना पारितोषिक विभागून मिळालं. दोघींच्या कथा एकत्र छापलेला तो अंक जवळजवळ बारा लाख गेला. 'हिबाना'च्या वेळचा अंकही दहा लाखांवर. म्हणजे दहा हजारांच्या मासिकात रुजलेलं रोप दहा लाखांच्या मासिकात नेऊन लावायचं, अशी ही सोय. लहान मासिक शोधतं, मोठं मासिक पोचवतं.

त्या अंकात कथांच्या जोडीला आणखी एक गोष्ट असते आणि माझ्या मते जपानी साहित्यव्यवहारातली ती सगळ्यात निरोगी प्रथा आहे. प्रत्येक परीक्षक आपलं मत आपल्या नावानिशी छापतो. याला 'सेनप्यो' म्हणतात. 'परीक्षकांनी एकमताने निवड केली' अशा कोरड्या वाक्यावर भागवत नाहीत. ही कथा मला का आवडली, ती का खटकली, कुणाच्या बाजूने मी होतो आणि माझं कसं ऐकलं गेलं नाही, हे सगळं येतं. जिंकलेल्या कथेवरही कडक शेरे असतात. १९५६ च्या जानेवारीत २३ वर्षांच्या इशिहारा शिंतारो यांना 'तायो नो किसेत्सु', म्हणजे सूर्याचा ऋतू, या कथेसाठी पारितोषिक मिळालं तेव्हा सातो हारुओ यांनी ती कथा किती सवंग वाटते ते खुलेआम लिहिलं आणि फुनाहाशी सेइइची यांनी तितक्याच जोराने तिची बाजू घेतली. श्रीमंत घरांतल्या बेफिकीर तरुणांच्या त्या कथेने देश ढवळून निघाला, चित्रपट आला, तशा तरुणांना 'सूर्यजमात' असं नाव पडलं. आकुतागावा पारितोषिक ही वर्तमानपत्राच्या पहिल्या पानाची बातमी झाली ती तेव्हापासून. किकुचींना ते पाहायला मिळालं नाही. ते १९४८ मध्ये गेले.

त्यांच्याविषयी एक गोष्ट लपवून चालणार नाही. चीनशी युद्ध सुरू झाल्यावर १९३८ मध्ये आघाडीवर गेलेल्या लेखकांच्या पथकात किकुची पुढे होते. त्याच वर्षी आघाडीवरच असलेल्या हिनो आशिहेइ या शिपायाला आकुतागावा पारितोषिक मिळालं आणि ते द्यायला समीक्षक कोबायाशी हिदेओ चीनमध्ये गेले. मासिकाची ताकद सत्तेच्या कामी कशी येते, याचं हे उदाहरण. आणि जे सत्तेच्या उपयोगी पडले नाहीत त्यांचं काय झालं, तेही पाहायला हवं. पहिलं आकुतागावा पारितोषिक मिळवणाऱ्या इशिकावांनी सैनिकांच्या क्रौर्याचं चित्रण केलं, तर ते ज्या मासिकात छापलं त्याच्या अंकावर बंदी आली. तानिझाकी जुन'इचिरो यांच्या चार बहिणींच्या कादंबरीचे दोन हप्ते १९४३ मध्ये छापून झाले आणि मग तिसरा येऊ दिला नाही. युद्धकाळात असलं निवांत कौटुंबिक लेखन नको, असं लष्कराचं म्हणणं. पुढच्या वर्षी 'चुओ कोरोन' आणि 'काइझो' ही दोन मोठी मासिकं बंद करायला लावली. युद्ध संपल्यावर 'बुंगेइ शुंजू'ची जुनी संस्था विसर्जित झाली आणि संपादकांनी नवी संस्था काढून मासिक पुन्हा उभं केलं.

'बुंगाकुकाई' या सगळ्यातून वाट काढत आलेलं मासिक. कोबायाशी हिदेओ, कावाबाता आणि त्यांच्या मित्रांनी ते १९३३ च्या ऑक्टोबरमध्ये काढलं. त्याच वर्षीच्या फेब्रुवारीत डाव्या चळवळीतले लेखक कोबायाशी ताकिजी पोलीस कोठडीत मारले गेले होते. अशा वर्षी वेगवेगळ्या मतांच्या लेखकांनी एका मासिकात एकत्र बसायचं ठरवलं. १९५५ पासून ते नवोदितांसाठी स्वतःचं पारितोषिक देतं. इशिहारांची कथा त्याची पहिली मानकरी.

आता या नवोदित पारितोषिकांकडे वळू, कारण मासिकांचं खरं कष्टाचं काम तिथे आहे. पाचही बुंगेइशी दरवर्षी अप्रकाशित हस्तलिखितं मागवतात. एकेका मासिकाकडे दोन हजारांच्या आसपास येतात. ओळखपाळख लागत नाही, शिफारस लागत नाही. आधी अनुभवी वाचकांची एक फळी सगळं वाचते, मग संपादक, आणि शेवटी चार-पाच कथा लेखक-परीक्षकांपुढे जातात. विजेती कथा छापली जाते, सोबत सेनप्यो. लेखकाचा पुढचा प्रवास संपादकाच्या सोबतीने होतो. दुसरी कथा, तिसरी कथा, वाक्यावाक्यावर पेन्सिलीच्या खुणा.

आपल्याकडे नाकारलेलं लेखन 'साभार परत' येत असे, त्या दोन शब्दांची धास्ती जुन्या लेखकांनी पुष्कळ सांगितली आहे. या स्पर्धांत तेही नाही. कागद परत मिळत नाहीत. तोक्योत जाझ संगीताचा बार चालवणाऱ्या एका तरुणाने रात्री दुकान बंद झाल्यावर स्वयंपाकघरातल्या टेबलावर बसून एक कादंबरिका लिहिली, प्रत न ठेवताच 'गुन्झो'ला पाठवली आणि पाठवल्याचं जवळजवळ विसरूनही गेला. पहिल्या फेरीत ती बाजूला पडली असती तर कायमची गेली असती. ती निवडली गेली, १९७९ च्या जूनच्या अंकात छापली गेली. तो तरुण म्हणजे हारुकी मुराकामी. त्यांना आकुतागावा पारितोषिक मिळालं नाही, दोनदा नाव येऊनही नाही. पण त्यांचं दार उघडलं ते या मासिकाच्या टपालानेच. दोन हजार अनोळखी हस्तलिखितं मन लावून वाचणारी माणसं असतील तरच एखादी अशी हाती लागते.

ओए केन्झाबुरो यांची गोष्ट थोडी वेगळी आणि मला विशेष प्रिय. १९५७ साली त्यांची एक कथा तोक्यो विद्यापीठाच्या विद्यार्थी वर्तमानपत्रात आली. जपानी दैनिकांत दर महिन्याला एक सदर असे, त्या महिन्यातल्या मासिकांमधल्या कथांचा आढावा घेणारं. समीक्षक हिरानो केन यांनी आपल्या सदरात, नावाजलेल्या लेखकांच्या रांगेत, या बावीस वर्षांच्या विद्यार्थ्याच्या कथेचा उल्लेख केला. तेवढ्यावर 'बुंगाकुकाई'ने कथा मागितली. काही महिन्यांत ती आली, आणि १९५८ च्या जानेवारीत त्याच मासिकात आलेल्या 'शिइकु' या कथेला आकुतागावा पारितोषिक मिळालं. पुढे १९९४ मध्ये नोबेल. कुणीतरी महिन्याच्या महिन्याला सगळं वाचत असतं, विद्यार्थ्यांचं वर्तमानपत्रसुद्धा, या भरवशावर ही इमारत उभी आहे. 'बुंगाकुकाई'ने तर देशभरातल्या दोजिनशी वाचून त्यांचा आढावा घेणारं सदर अर्धशतकाहून जास्त काळ, २००८ पर्यंत, चालवलं.

पैशांचं काय? दहा हजार प्रतींत छपाई, मानधन आणि संपादकांचे पगार भागत नाहीत. बुंगेइशी तोट्यातच चालतात, हे सगळ्यांना माहीत आहे. प्रकाशनसंस्था तो तोटा सोसतात, कारण त्यांच्याकडे मांगा म्हणजे चित्रकथा आहेत, साप्ताहिकं आहेत, खपणारी पुस्तकं आहेत. मासिकात छापलेल्या कथेचं पुस्तक काढायचा मान त्याच संस्थेला मिळतो. त्यातलं एखादं शेकडो अपयशांचा खर्च भरून काढतं. शेतकरी बियाणं बाजूला काढून ठेवतो, तसं हे आहे. पण बियाणं ठेवायची ऐपत आणि इच्छा दोन्ही लागतात. ज्यांना ती राहिली नाही त्यांची मासिकं गेली. 'उमि' १९८४ मध्ये बंद झालं. 'काइएन' १९९६ मध्ये. योशिमोतो बनाना यांची 'किचन' आणि ओगावा योको यांची पहिली कथा, दोन्ही तिथेच आल्या होत्या.

या व्यवस्थेवरचे आक्षेपही खरे आहेत. मोजके लेखक, मोजके समीक्षक, मोजके संपादक यांच्या वर्तुळाला 'बुंदान' म्हणतात, आणि हे वर्तुळ दीर्घकाळ पुरुषांचं होतं. आकुतागावा पारितोषिकाच्या परीक्षक मंडळात स्त्रिया पहिल्यांदा आल्या त्या १९८७ मध्ये: कोनो ताएको आणि ओबा मिनाको. जपानमध्ये वाढलेल्या कोरियन समाजातल्या लेखकाला हे पारितोषिक मिळायला १९७२ साल उजाडलं, री काइसेइ यांच्या रूपाने. जपानी ही जिची मातृभाषा नाही अशी पहिली विजेती, चीनमधून आलेल्या यांग यी, २००८ मध्ये. दार उघडं आहे, पण त्याचा उंबरठा कुणासाठी किती उंच आहे, हे आतल्यांना उशिरा दिसतं.

मासिकं बदलली की खप कसा प्रतिसाद देतो, याचा एक प्रसंग २०१९ चा. 'बुंगेइ'ने शरद अंक कोरियन साहित्य आणि स्त्रीवाद यांना वाहिला. अंक संपला, पुन्हा छापला, पुन्हा संपला. तिसऱ्यांदा छापायची वेळ १९३३ च्या पहिल्या अंकानंतर प्रथमच आली. हे 'हिबाना'सारखं नव्हतं. इथे टीव्हीवरचा कुणी प्रसिद्ध चेहरा नव्हता. वाचक विषयासाठी आले होते, आणि त्यांतल्या अनेकांनी आयुष्यात प्रथमच बुंगेइशी विकत घेतली असणार.

दुसरीकडे, २०२५ च्या जुलैत आकुतागावा आणि नाओकी या दोन्ही पारितोषिकांसाठी एकही कथा योग्य वाटली नाही, असा निकाल लागला. दोन्हीकडे एकदम असं होण्याची २७ वर्षांतली ही पहिलीच वेळ. पुस्तकविक्रेते हिरमुसले, कारण त्यांची वर्षाची गणितं या दोन दिवसांवर असतात. मला त्या निकालात परीक्षकांचा कणा दिसला. विक्रीसाठी जन्माला आलेलं पारितोषिक विक्रीला नाही म्हणू शकतं.

शेवटी मला पुन्हा 'बुंगाकुकाई'कडे यायचं आहे, २०२३ च्या मे महिन्याच्या अंकाकडे. त्यात नवोदित पारितोषिक मिळालेली 'हंचबॅक' ही कथा आली. लेखिका इचिकावा साओ. त्यांना जन्मजात स्नायूंचा विकार आहे, श्वासासाठी यंत्र लागतं. वीस वर्षांहून जास्त काळ त्या लोकप्रिय कादंबऱ्यांच्या स्पर्धांना लेखन पाठवत होत्या आणि नाकारल्या जात होत्या. या कथेची नायिकाही अशाच शरीराची. जाड पुस्तक धरून वाचताना तिचा पाठीचा कणा दुखतो, वाकतो. ती कागदी पुस्तकावर संतापते: वाचायचं तर डोळ्यांनी दिसायला हवं, हातांनी पुस्तक धरता यायला हवं, पान उलटता यायला हवं, बसता यायला हवं, दुकानात जाता यायला हवं, आणि पुस्तकांच्या सुवासावर प्रेम करणाऱ्यांना हे सगळं गृहीत धरलेलं आहे याची जाणीवही नाही. हा संताप नव्वद वर्षं जाड कागदी अंक काढणाऱ्या मासिकाने निवडला, पारितोषिक देऊन छापला, आणि दोन महिन्यांनी त्याला आकुतागावाही मिळालं. सगळ्यांना वाचता येतील अशा रूपात पुस्तकं का येत नाहीत, हा प्रश्न इचिकावांनी पारितोषिक स्वीकारतानाही लावून धरला. २०२४ च्या एप्रिलमध्ये जपानचा पेन क्लब, लेखकांची संघटना आणि रहस्यकथालेखकांची संघटना या तिघांनी मिळून निवेदन काढलं, की अपंगत्वामुळे कुणी वाचनापासून दूर राहू नये यासाठी लेखक म्हणून आम्ही सोबत काम करू.